कोरड्या अंगाचं पोर

दानेश्वरीला पहिला मुलगा झाला ते साल दोन हजार चोवीस. त्या साली कडलहळ्ळीच्या विहिरी पाडव्यालाच तळाला गेल्या होत्या. पाडव्यानंतर आठव्या दिवशी तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात पोर जन्मलं. नर्सबाईने ते दुपट्यात गुंडाळून काशम्माच्या हातात दिलं आणि म्हणाली, "नातू झाला आजी. पेढे कुठायत?"

काशम्माने पेढ्यांचं नाव काढलं नाही. खिडकीजवळ जाऊन तिने दुपट्याचं टोक सोडलं. पोराच्या पोटावरचं कातडं भाजलेल्या शेंगदाण्याच्या फोलासारखं सुटत होतं. डोळ्यांखाली काळसर सुरकुत्या होत्या, महिनाभर जागरण केल्यासारख्या. डोक्यावर केस म्हणून नव्हते. तिने पोराच्या मानेला उलटा हात लावला. मान तापली होती, आणि कोरडी होती.

"प्रभुवर गेलंय," ती नवऱ्याला म्हणाली.

गुरप्पा दाराशी टोपी हातात घेऊन उभा होता. "नीट बघ की. बारकी पोरं समदी सारखीच दिसत्यात."

"मी असली दोन बघितल्यात. तुमी मला शिकवू नगा."

गुरप्पाने टोपी डोक्यावर घातली, काढली, परत घातली. मग बाहेर जाऊन नळावर खांद्यावरच्या उपरण्याचं टोक ओलं करून घेऊन आला. पोराच्या कपाळावर ते ठेवताना तो कुणाकडे बघत नव्हता.

प्रभु हा त्यांचा मुलगा, दानेश्वरीचा थोरला भाऊ. अठ्ठावीस वर्षांचा. जन्मल्यापासून त्याच्या अंगाला घाम आला नव्हता. तोंडात चारच दात, तेही खिळ्यासारखे टोकदार. केस विरळ, मक्याच्या कणसाला असतात तसे. भाकरी दुधात कुस्करून खायचा. उन्हात घटकाभर उभा राहिला तर डोळे लाल व्हायचे आणि बोलणं जड व्हायचं. म्हणून त्याने एक पाठीवरचा फवारणीचा पंप घेतला होता. त्यात औषधाचा थेंब कधी पडू दिला नव्हता. साधं पाणी भरायचं, पाठीला लावायचा, आणि काम करता करता दर दहा मिनिटांनी नळी उलटी धरून स्वतःच्याच अंगावर मारायची. पहाटे चारला रानात जायचा आणि नऊला परत यायचा. ऊन चढल्यावर घरात सावलीला बसून चिंच फोडायचा. सोलापूरचा व्यापारी पोत्यांनी चिंच टाकून जाई. बत्त्याने टरफल फोडायचं, शिरा ओढायच्या, चिंचोके वेगळे करायचे. सगळं घर त्याच कामाला बसलेलं असायचं.

प्रभु सहा वर्षांचा होता तेव्हा सोलापुरातल्या एका म्हाताऱ्या डॉक्टरने काशम्माला समोर बसवून सगळं सांगितलं होतं. "बाई, तुझ्याकडं दोन दोर आहेत. एक धड, एक पीळ सुटलेला. लेकराला तू त्यातला एकच देतेस, कुठला ते तुझ्या हातात नाही. मुलाला पीळ सुटलेला दोर गेला की तो असा होतो. मुलीला गेला तर बापाकडचा दोर तिला सावरून घेतो, पण पुढं तिच्या मुलाला तो जाऊ शकतो. हा रोग नाही, शाप नाही. घडण आहे. काही माणसं उंच असतात तशी."

काशम्माला ते पटायला वेळ लागला नाही. तिचा मामा असाच होता. ज्वारी काढताना रानात पडला तो उठला नाही. आणि तिची स्वतःची पाठ होती. सुगीत ज्वारी उपटायला वाकली की बाकीच्या बायांचे झंपर सगळे भिजायचे. तिचं झंपर पट्ट्यापट्ट्यांनी भिजायचं, एक पट्टा ओला, एक कोरडा. बाया हसायच्या. दानेश्वरीची पाठही तशीच भिजायची.

तिसऱ्या दिवशी बाळंतीण घरी आली. केराबाई आधीच येऊन बसली होती. गावातल्या सगळ्या बाळंतिणींना तेल लावणं, शेकणं, धुरी देणं तिच्याकडे. तिने आतल्या खोलीची खिडकी पोत्याने बंद केली होती, बाजेखाली शेगडी ठेवली होती आणि शेगडीत गोवऱ्या फुलवल्या होत्या. खोलीत पाऊल टाकवत नव्हतं.

"या या, लक्ष्मी या," केराबाई म्हणाली. "पोराला हिकडं द्या. चांगला शेकून काढते. हाडं घट्ट व्हत्यात."

काशम्मा बाजेखाली वाकली. पदराने शेगडीचे कान धरले आणि ती उचलून अंगणात नेली. उकिरड्याजवळ उपडी केली, वर पायाने माती लोटली.

केराबाई मागोमाग धावत आली. "अगं बया! काय केलंस गं? बाळंतिणीची शेगडी इझवतंय का कुणी?"

"मी इझवते."

"पोरीला वात शिरंल. पोराला सर्दी व्हईल. चव्वेचाळीस वर्सं मी ह्यात हाय, काशे."

"मग पस्तीस वर्सांखाली बी तू व्हतीस की," काशम्मा म्हणाली. "माझं पहिलं. वैशाखातच झालं व्हतं. माझी आई गेली म्हणून बाळंतपण हितंच झालं. तू शेकलंस, सासूनं झाकलं, आणि आठव्या दिवशी पोराचं अंग तापलं तर थंडी भरली म्हणून अजून दोन गोवऱ्या कुणी घातल्या? मी घातल्या. माझ्या हातानं. नवव्या दिवशी गेलं."

"ती बाहेरची बाधा व्हती गं. तवा समदी म्हणली की."

"समदी म्हणली. मी बी म्हणले. घाम न येणाऱ्या पोराला आमी चुलीवर ठिवलं व्हतं, केराबाई. ह्या डाव न्हाय ठेवायची."

केराबाई वाटीतलं तेल तसंच टाकून गेली. दुपारपर्यंत गावभर झालं, की काशम्माने नातू उघडानागडा ओल्या फडक्यात ठेवलाय आणि खिडकी सताड उघडी टाकलीय. चिंच द्यायला आलेली एक बाई उंबऱ्यातूनच डोकावली आणि चिंच घेऊन परत गेली.

दर तिसऱ्या दिवशी टँकर यायचा. देवळापुढे घागरींची रांग लागायची. नळीवर धुळा असायचा. पंचायतीने त्याला ते काम दिलं होतं, आणि नळी हातात आल्यापासून त्याची जीभ लांब झाली होती. घरामागे दहा घागरी असा हिशेब. काशम्माचं घर मोठं नव्हतं, पण पाणी पुरायचं नाही. प्रभुचा पंप, आणि आता पोराची फडकी.

प्रभु रांगेत उभा होता. बाहेर पडला की तो तोंडावर गमछा बांधायचा, डोळ्यांखालून हनुवटीपर्यंत. दात दिसू नयेत म्हणून.

"काशम्माक्का," धुळा ओरडला, "घरात म्हशी पाळल्या का डुंबायला? पाणी पुरंना म्हणं तुमाला."

रांग हसली. प्रभुने गमछा आणखी वर ओढला.

"व्हय, दोन म्हशी हायत," काशम्मा म्हणाली. "एक अठ्ठावीस वर्सांची, एक सहा दिवसांची. तू भर घागर."

"दहाच मिळतील."

"दहाच मागते. तुझ्या आईनं तुला जेवढं ताक पाजलं तेवढं बी जादा मागत न्हाय. पर ती अर्धी घागर भरून नळी हलवतोस ना, ते सोड. काठापोत्तर भर. समद्यांच्या बघते मी."

आता रांग धुळाला हसली. घागरी काठापर्यंत भरल्या. पण घरी येईपर्यंत प्रभुने गमछा सोडला नाही. घागरी उतरवताना म्हणाला, "अव्वा, तू बोलतीस. नंतर ते मला बोलत्यात."

"बोलू देत. तू ऐकून मेला न्हाईस."

"रोज थोडं थोडं मरतंय की माणूस."

काशम्माने पहिली घागर त्याच्या पंपात ओतली. त्या दिवसापासून गुरप्पाने अंघोळ सोडली. अंगाला खाज सुटली की ओल्या फडक्याने पुसायचा आणि म्हणायचा, "मला बी तुमच्यात घ्या की, बिनपाण्याचं जगायला शिकतो."

बाराव्या दिवशी पाळणा होता. सोलापूरहून विहीण आली. नीलम्मा तिचं नाव. बरोबर जावई महेश्वर, त्याची बहीण शिवानी आणि चार बाया. गावातल्या नईमच्या भाड्याच्या टेम्पोतून उतरताना नीलम्मा पदर सावरत म्हणाली, "काय बाई ऊन तुमच्या गावाला!" तिचा वर्ण गोरा आणि डोळे घारे. तेच घारे डोळे महेश्वरला आले होते, आणि लग्नात त्यांचं फार कौतुक झालं होतं. महेश्वर सात रस्त्याजवळ मोटारीच्या सामानाच्या दुकानात कामाला होता. हळू बोलायचा.

अंगणात मांडव घातला होता. काशम्मा गव्हाची हुग्गी, गुळाची खीर, वाढत होती. जंगमस्वामी पोराच्या गळ्यात लिंग बांधून, दक्षिणा घेऊन गेले होते. आत बायकांची गडबड चालू होती. शिवानीने आणलेली जरीची कुंची, खाली लोकरीचं टोपडं, वर रेशमी दुपटं. आत्याने आणलेलं पोराच्या अंगावर चढलंच पाहिजे. काशम्मा तीनदा म्हणाली, "ईनबाई, एक घटका घाला, नाव घ्या आणि काढा." नीलम्माने तीनदा मान हलवली.

मग वाढता वाढता काशम्माच्या लक्षात आलं की आतलं रडणं थांबलंय.

पोर झोपलं असेल असं कुणालाही वाटलं असतं. तिला वाटलं नाही. तिने हुग्गीचं पातेलं तिथेच एका पंगतीतल्या माणसाच्या मांडीजवळ ठेवलं आणि दार ढकललं. दाराला आतून कडी होती.

"कडी काढा!"

"वारं लागंल," आतून नीलम्मा म्हणाली. "धुरी चाललीया."

काशम्माने खांदा दिला. जुनी कडी निसटली. खोली ओव्याच्या आणि लसणाच्या सालीच्या धुराने भरली होती. खिडकीला परत पोतं लागलं होतं. कोपऱ्यात केराबाई शेगडी घेऊन बसली होती, मान खाली घालून. नीलम्माच्या मांडीवर पोर होतं, लोकरीत, रेशमात, जरीत. तोंड लालभडक, डोळे अर्धे उघडे, ओठ सुकलेले. दानेश्वरी बाजेवर उठून बसली होती, रडत होती आणि सासूला म्हणत होती, "आत्या, बास करा ना, आत्या." कुणी तिचं ऐकत नव्हतं.

काशम्माने पोर उचललं. कुंचीची नाडी सुटेना तेव्हा दाताने तोडली. बाहेर येऊन मांडवात, सगळ्या पंगतीसमोर, एकेक कपडा काढून खाली टाकला. प्रभु घागर घेऊन आलाच होता. फडकं भिजवलं, पोराच्या अंगावर घातलं, परत भिजवलं, परत घातलं. पंगत हात थांबवून बघत राहिली. चौथ्या फडक्याला पोर आचका देऊन रडलं.

नीलम्मा बाहेर आली होती. "आमचं पोर हाय ते," ती म्हणाली. "आमच्या घरचे कपडे असे पायाखाली टाकता?"

"तुमचं हाय म्हणूनच जितं ठिवतेय."

"आमाला फसवलंत तुमी. पोरीच्या अंगात हे हाय ते लपवून पोरगी दिली."

"लपवून?" काशम्मा उभी राहिली. ओलं पोर तिच्या खांद्यावर होतं. "माझा प्रभु मांडवात उभा व्हता. तुमच्या पाहुण्यांना पान त्यानं दिलं. मी त्याला पोत्यात बांधून माळ्यावर ठिवला न्हवता. तवा तुमी हुंड्याचं समदं इचारलं, ह्याचं एक अक्षर इचारलं न्हाय."

"आमच्या घराण्यात असलं कधी न्हवतं."

"तुमच्या घराण्यात घारे डोळे हायत. तुमच्या आईचे तुमाला आले, तुमचे जावईबापूंना आले. ते आले तर समद्या सोलापुरात सांगत फिरता. आणि माझं कोरडं कातडं माझ्या नातवाला आलं तर ती फसवणूक? दोन्ही बी पोटातूनच आलंय, ईनबाई. एक तुमच्या, एक माझ्या."

"डोळ्यानं माणूस मरत न्हाय."

"कातड्यानं बी मरत न्हाय. तुमच्या लोकरीनं मरतंय."

मांडवाच्या एका टोकाला कुणीतरी खोकलं. नीलम्मा दानेश्वरीकडे वळली. तिचा आवाज आता खाली आला होता, आणि ते जास्त वाईट होतं. "हे बघ पोरी. मी वाईट न्हाय. तू चल घरी, सव्वा महिना झाला की. ते पोर ऱ्हाऊ दे हितं, त्यांना सवय हाय. वर्सा-दोन वर्सांत दुसरं व्हईल. धड."

दानेश्वरी दाराला धरून उभी होती. तिने नवऱ्याकडे बघितलं. महेश्वर मांडवाच्या खांबाची सुतळी नखाने सोडवत होता.

"आणि दुसरं बी असंच झालं तर?" दानेश्वरी म्हणाली. "ते बी हितंच? मग तिसरं? माझ्या आईनं काय शाळा काढायची?"

"दानू," महेश्वर म्हणाला, तेवढंच.

"तुमी बोलत असाल तर बोला. न्हाय तर दानू म्हणू नका."

महेश्वर परत सुतळीकडे वळला.

तेव्हा प्रभुने गमछा सोडला. गावात कुणी त्याचं तोंड इतकं उघडं बघितलं नव्हतं. तो शिवानीच्या पुढ्यात जाऊन उभा राहिला, चारही दात दिसतील असा हसला आणि म्हणाला, "ताई, मोठं झाल्यावर असं दिसतंय. बघून घ्या. बारावी पास हाय, दोन एकर कसतो, मतदार यादीत नाव हाय. भ्यायचं काय त्यात?"

शिवानी मागे सरकली. मग कोण जाणे का, तिने पायापाशी पडलेली कुंची उचलली, झटकली आणि घडी घातली.

पाहुणे हुग्गी न खाता गेले. आत्याने नाव घ्यायचं राहिलंच होतं. संध्याकाळी दानेश्वरीने पोराला मांडीवर घेतलं, कानाला तोंड लावलं आणि ठरलेलं नाव स्वतःच घेतलं. राजशेखर. "आईनं नाव घेतलेलं चालतंय का?" तिने विचारलं. गुरप्पा म्हणाला, "पोराला इचार. त्याची हरकत दिसत न्हाय."

मे महिन्याच्या सात तारखेला मतदान होतं. आदल्या दिवशी टँकर आला नाही. गाड्या निवडणुकीच्या कामाला लागल्या होत्या. उद्या येईल म्हणाले, उद्याही आला नाही. सकाळी दहाला गावचा डीपी जळाला. पंखा थांबला. घरात दोन घागरी पाणी होतं.

बाराला पोराने दूध सोडलं. प्रभुने त्याच्या काखेत तापाची कांडी ठेवली आणि वाचून दाखवलं, "एकशे तीन." थोड्या वेळाने, "एकशे चार."

"दवाखान्यात नेऊ," दानेश्वरी म्हणाली. "आत्ता."

काशम्माने अंगणात बघितलं. पत्र्यावरून झळा उठत होत्या. दवाखाना अठरा किलोमीटर. एवढ्या उन्हात टेम्पोच्या पत्र्याखाली तासभर गेला तर पोर वाटेतच भाजून निघालं असतं. "आधी निवव, मग ने," ती म्हणाली. "कडुनिंबाखाली चला."

कडुनिंबाखाली जनावरांची दगडी दोण होती. बैल विकल्यापासून रिकामी. गुरप्पाने ती पदराएवढ्या फडक्याने पुसली. एक घागर तिच्यात ओतली; दुसरी सकाळपासून फडक्यांत आणि पंपात संपली होती. पाणी जेमतेम चार बोटं आलं. प्रभु शर्ट काढून दोणीत उताणा झोपला आणि म्हणाला, "द्या हिकडं. माझं अंग लवकर गार व्हतंय पाण्यानं. मला म्हाईत हाय." त्याच्या ओल्या उघड्या पोटावर पोर पालथं ठेवलं. काशम्मा ओंजळीने पाणी पोराच्या पाठीवर सोडायची. ते प्रभुच्या बरगड्यांवरून घरंगळून परत दोणीत जायचं. तीच ओंजळ परत. दानेश्वरी सुपाने वारा घालत होती. 

दीडच्या सुमाराला पाणी कोमट झालं.

"अव्वा, पाणी तापलं," प्रभु म्हणाला. त्याचेही डोळे लाल झाले होते.

गुरप्पा घागर घेऊन निघाला. पहिल्या घराने दार लावून घेतलं. दुसऱ्या घरात सगळे मतदानाला गेले होते. तिसरं घर केराबाईचं. ती दारात बसली होती. तिने आत जाऊन आपला माठ उचलला, आणि माठासकट त्याच्याबरोबर चालत आली. अंगणात येऊन माठ दोणीत ओतला. मग सूप दानेश्वरीच्या हातातून काढून घेतलं. "तू बस जरा. मी घालते वारा." काशम्माने तिच्याकडे बघितलं नाही आणि तिला जा म्हटलं नाही.

दोनला फाट्यावर हॉर्न वाजला. नईमचा टेम्पो होता. मागे पोत्यात गुंडाळलेली बर्फाची अर्धी लादी. प्रभुने सकाळीच त्याला फोन लावून ठेवला होता. "समद्यांच्या गाड्या इलेक्शनवाले लेके गये," नईम उतरत म्हणाला, "मेरी को देखे और बोले, रहने दो. आज कामाला आली का न्हाई चाची?" आणि त्याच्या शेजारून महेश्वर उतरला. दुकानाला सुटी होती. एसटी फाट्यावर सोडून गेली होती आणि तिथे नईम भेटला होता. तो उतरला तो तसाच उभा राहिला. दोणीत मेव्हणा, मेव्हण्याच्या पोटावर त्याचा मुलगा, भोवती तीन बाया.

"दानू, मी..." तो म्हणाला.

"बोलायला येळ न्हाय," काशम्मा म्हणाली. "शर्ट काढा जावईबापू. बर्फ फोडा. बत्ता तितं चिंचेपाशी हाय."

त्याने बर्फ फोडला. तुकडे फडक्यात बांधून दोणीतल्या पाण्यात सोडले. मग पंप पाठीला लावला आणि दांडा मारायला लागला. बारीक तुषार पोराच्या पाठीवर, डोक्यावर. दांडा मारून मारून त्याच्या नाकावरून, हनुवटीवरून घामाच्या धारा लागल्या. वाकला की घाम पोरावर ठिबकायचा. तो हाताने पुसायला गेला.

"ऱ्हाऊ दे," गुरप्पा म्हणाला. "त्याला सोताचा न्हाय. बापाचा तरी मिळू दे."

चारला ताप एकशे एकवर आला. साडेचारला पोराने मुतलं, प्रभुच्या पोटावर. केराबाई सूप टाकून हसली. "गंगा आली गं बाई!" दानेश्वरीने पोर छातीशी धरलं आणि ते चपाचप प्यायला लागलं. प्रभुला दोणीतून उठता येईना. महेश्वरने त्याला काखेत हात घालून उठवलं. उठवल्यावरही बराच वेळ त्याचा हात सोडला नाही.

ऊन उतरल्यावर पोराला दवाखान्यात दाखवून आणलं. जाताना, पाच वाजून चाळीस मिनिटांनी, वाटेत शाळेपाशी काशम्माने टेम्पो थांबवायला लावला, आत जाऊन मत दिलं आणि बोटाची शाई दाखवत परत आली. "आज मला कुणाला तरी नाव ठेवायचंच व्हतं," ती म्हणाली.

महेश्वर त्या उन्हाळ्यात दर रविवारी येत राहिला. आईला सांगून यायचा की न सांगता, ते कुणी विचारलं नाही. पाऊस झाला, विहिरी भरल्या. दसऱ्याच्या तोंडावर, पोर सहाव्या महिन्यात असताना, नीलम्माचा निरोप आला. सुनेला आणा. पोरालाही आणा.

काशम्मा पोचवायला गेली. पाऊस सरून ऊन परत चटकायला लागलं होतं. सोलापुरात गल्लीच्या तोंडापर्यंत बाया बघायला उभ्या होत्या. पोराला तोवर एकही दात नव्हता आणि डोकं तुळतुळीत होतं. ते सगळ्यांकडे बघून हसत होतं. नीलम्माने भाकरीचा तुकडा ओवाळून टाकला. 

"पाळणा मागच्या खोलीत बांधलाय," ती म्हणाली. "निवांत हाय तितं."

काशम्मा आत गेली. मागची खोली पत्र्याची होती. तिने हात वर करून पत्र्याला लावला आणि लगेच काढला. मग पुढच्या खोलीत आली. पुढे स्लॅब होता, खिडकीत पाण्याचा कूलर होता आणि कूलरच्या पुढ्यात नीलम्माचा पलंग. काशम्माने पलंगावरची गादी गुंडाळली, काखेत मारली आणि मागच्या खोलीत नेऊन टाकली. परत येऊन महेश्वरला म्हणाली, "जावईबापू, पाळणा सोडा आणि हितं बांधा. हुक हाय छताला."

महेश्वरने आईकडे बघितलं नाही. तो स्टूल आणायला गेला.

"अवो ईनबाई," नीलम्मा दारात उभी राहून म्हणाली. गल्लीतल्या बाया तिच्या मागून बघत होत्या. "आणि मी कुटं झोपायचं?"

"तुमी पत्र्याखाली झोपा," काशम्मा म्हणाली. "तुमाला घाम येतो की."

बाहेर एक बाई फस्सकन हसली आणि तिने तोंडाला पदर लावला. पाळणा पुढच्या खोलीत बांधला गेला. त्या वर्षी आणि पुढच्या उन्हाळ्यातही तो तिथेच राहिला. नीलम्मा दुपारी कूलरमध्ये पाणी घालायला उठायची. पोराचे पहिले दोन दात टोकदार आले तेव्हा ती शेजारणींना म्हणाली, आमच्या राजूचे दात त्याच्या मामावर गेलेत.

काशम्मा गुरप्पा बिराजदार, वय पंचावन्न, काविळीने आजारी पडून, गुरुवारी, अकरा सप्टेंबर दोन हजार पंचवीस रोजी सकाळी सात वाजता कडलहळ्ळीत आपल्या घरी वारली.